माझं उत्तर नेहमी ॲलन पेज

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. मी मिनेसोटात राहते आणि थंडीतल्या रविवारी दुपारी टीव्हीसमोर फुटबॉल बघत बसते हे कळलं, की पुण्याकडचं कुणी ना कुणी विचारतंच, ‘या अमेरिकन फुटबॉलमधला सगळ्यांत मोठा खेळाडू कोण?’ विचारणाऱ्याच्या मनात बहुधा टॉम ब्रेडीचं नाव असतं. सुपर बोल म्हणजे एनएफएल या तिथल्या व्यावसायिक लीगचा दरवर्षीचा अंतिम सामना, आणि असे ७ जिंकलेला माणूस आहे तो, त्यामुळे त्यात वावगं काही नाही. मी मात्र ॲलन पेज यांचं नाव घेते, आधी बचावफळीतले खेळाडू आणि पुढे न्यायमूर्ती झालेले. मग पुढचा प्रश्न येतो, त्यांनी किती सुपर बोल जिंकले? एकही नाही. मिनेसोटा व्हायकिंग्ज संघाकडून ते ४ सुपर बोल खेळले आणि चारही हरले.

पेज यांचा जन्म १९४५चा, ओहायोतल्या कँटन गावचा. पोलादाच्या कारखान्यांचं गाव. याच गावात या खेळाचं हॉल ऑफ फेम, म्हणजे थोर खेळाडूंचं सन्मान-दालन आहे. ते बांधलं जात असताना शाळकरी वयाचे पेज त्या बांधकामावर कामाला होते. पुढे १९८८मध्ये त्याच वास्तूत त्यांचा गौरव झाला. अशा वेळी खेळाडूची ओळख करून द्यायला सहसा त्याचा प्रशिक्षक नाहीतर जुना सहकारी उभा राहतो. पेज यांनी मिनियापोलिसच्या एका शाळेच्या मुख्याध्यापिकेला बोलावलं, आणि स्वतःचं भाषणही जवळजवळ सगळं शिक्षणावर केलं.

वकील व्हायचं हे त्यांच्या मनात लहानपणापासून होतं. व्यावसायिक खेळाडू झाल्यावर सुरुवातीच्या वर्षांतच त्यांनी कायद्याच्या कॉलेजात नाव घातलं आणि काही आठवड्यांतच सोडून दिलं. मला यानंतरचा भाग सगळ्यांत मोलाचा वाटतो. १९७५मध्ये, नाव, पैसा, पुरस्कार सगळं हाताशी असताना, तिशीचा हा माणूस मिनेसोटा विद्यापीठात पुन्हा पहिल्या वर्षाला जाऊन बसला. संघाचा सराव, रविवारचा सामना आणि कायद्याचा अभ्यास ही तिन्ही ओझी त्यांनी एकदमच उचलली. १९७८मध्ये पदवी हाती आली.

त्याच वर्षी व्हायकिंग्जनी त्यांना भर हंगामात काढून टाकलं. पत्नी डायन सिगारेट सोडण्यासाठी पळायला लागल्या होत्या, त्यांच्यासोबत पेजही पळू लागले आणि त्यांना त्याची इतकी गोडी लागली की वजन उतरत गेलं. बचावफळीच्या मधोमध खेळणारा माणूस भरभक्कमच हवा असं संघाचं म्हणणं होतं. शिकागो बेअर्सनी त्यांना अवघ्या १०० डॉलरच्या शुल्कात घेतलं. शिकागोत ते १९८१पर्यंत खेळले, आणि हंगाम संपला की मिनियापोलिसला येऊन वकिली करायचे. खेळत असतानाच, १९७९मध्ये, त्यांनी पूर्ण मॅरॅथॉनही धावून दाखवली. आमच्याकडच्या शहरी मॅरॅथॉनला रस्त्याकडेला उभे राहून धावपटूंसाठी सूझाफोन हे अवाढव्य पितळी वाद्य वाजवणारे पेज पुष्कळांनी पाहिले आहेत.

राज्याच्या सर्वोच्च न्यायालयात ते पोचले ती गोष्ट इकडे फार कमी लोकांना ठाऊक असते. मिनेसोटात न्यायमूर्ती निवडणुकीनं येतात. १९९२मध्ये राज्यपालांनी एका न्यायमूर्तींची मुदत वाढवली, त्यामुळे त्या जागेची निवडणूकच टळली. पेज यांना ती लढवायची होती. ते सरळ कोर्टात गेले. खटला सर्वोच्च न्यायालयातल्याच जागेचा, म्हणून तिथले न्यायमूर्ती बाजूला झाले आणि बदली न्यायाधीशांपुढे तो चालला. निकाल पेज यांच्या बाजूनं लागला, निवडणूक झाली आणि ते जिंकले. त्या न्यायालयात बसणारे ते पहिले कृष्णवर्णीय. जानेवारी १९९३ ते ऑगस्ट २०१५ एवढा काळ ते तिथे होते, सत्तरीला निवृत्त व्हायचा नियम आडवा आला म्हणून उतरले.

पेज दांपत्यानं १९८८मध्ये शिष्यवृत्तीसाठी प्रतिष्ठान काढलं. ती घेणाऱ्या कॉलेजच्या मुलांना एक अट घातली, लहान शाळकरी मुलांना शिकवायला जायचं. मला ही अट फार आवडते. मदत घेणाऱ्या मुलाला पहिल्याच दिवसापासून कुणाचा तरी दादा, कुणाची तरी ताई व्हावं लागतं. २०१७मध्ये मिनियापोलिसच्या एका शाळेला पेज यांचं नाव मिळालं. आधीचं नाव अलेक्झांडर रॅम्सी या राज्यपालाचं होतं, ज्यानं १८६२मध्ये डकोटा या तिथल्या मूळनिवासी लोकांना संपवा नाहीतर राज्याबाहेर हाकला असं सांगितलं होतं. नाव बदलायला हवं म्हणून त्या शाळेतल्या मुलांनीच आवाज उठवला होता.

एवढं सांगून झालं की समोरचा म्हणतो, हे सगळं मैदानाबाहेरचं, खेळाडू म्हणून काय? खेळाडू म्हणूनही माझं उत्तर तेच राहतं. पेज डिफेन्सिव्ह टॅकल, म्हणजे बचावफळीच्या मधोमध उभे राहणारे. समोर प्रतिस्पर्ध्यांची धिप्पाड भिंत असते आणि तिच्यामागे क्वार्टरबॅक, म्हणजे चेंडू घेऊन तो पुढे फेकणारा खेळाडू. भिंत फोडायची आणि चेंडू सुटायच्या आत त्याला पाडायचं, हे काम. बहुतेक जण ताकदीवर ढकलतात. पेज चेंडू हलल्या क्षणी निघायचे, समोरचा नीट उभा राहायच्या आत त्याच्या बगलेतून पार. १९७१मध्ये ते लीगचे सर्वोत्तम खेळाडू ठरले. बचावातल्या खेळाडूला हा मान त्याआधी कधी मिळाला नव्हता, आणि त्यानंतर एकदाच, १९८६मध्ये लॉरेन्स टेलरला मिळाला. १५ वर्षांत ते सलग २१८ सामने खेळले, एकही न चुकवता, आणि तेही अशा जागेवर जिथे प्रत्येक डावात कुणीतरी अंगावर येतंच. हाताची करंगळी इतक्या वेळा निखळली की ती आता बाजूला काटकोनात वळलेली आहे.

क्वार्टरबॅकला पाडल्याची अधिकृत नोंद ठेवायला लीगनं १९८२मध्ये सुरुवात केली, म्हणजे पेज निवृत्त झाल्यानंतरच्या हंगामात. त्यामुळे ज्या कामात त्यांना तोड नव्हती, त्यातलं त्यांचं एकही पाडणं अधिकृत यादीत नाही. आकडे शोधत बसू नका. १९७१च्या व्हायकिंग्जच्या सामन्यांची चित्रफीत मिळाली तर ती बघा, आणि चेंडू कुठे गेला ते सोडून ८८ नंबरवर नजर ठेवा.