पबजी कितव्यांदा मेला?

“पबजी मेला” हे वाक्य मी २०१८ पासून ऐकतेय. आधी त्याला फोर्टनाइटने मारलं, मग एपेक्सने, मग वॉरझोनने, म्हणजे त्याच्याच जातीच्या नव्या गेमनी. मारेकरी दरवेळी नवा, पुरावा मात्र ठरलेला: कुठल्यातरी आलेखाचा स्क्रीनशॉट. हल्ली हे पुरावे मला माझा भाचा पाठवतो. तो कट्टर फोर्टनाइटवाला. मी पबजीवाली, आणि कंटाळा आला की एपेक्स. मागे त्याने लिहिलं, “मावशी, एका दिवसात साडेचार कोटी लोक! तुझा पबजी काही लाखांवर अडकलाय.”

साडेचार कोटी खरे आहेत. नोव्हेंबर २०२३ मध्ये फोर्टनाइटने आपला जुना नकाशा परत आणला, तेव्हा एका दिवसात ४ कोटी ४७ लाख जण खेळून गेले असं फोर्टनाइटची कंपनी एपिकनेच जाहीर केलं होतं. पबजीचे काही लाखही खरेच. फक्त पहिला आकडा दिवसभरात आलेल्या सगळ्यांचा, कन्सोलवाल्यांसकट. दुसरा एका क्षणी ऑनलाइन असलेल्यांचा, आणि तोही फक्त स्टीम या पीसी गेमच्या ऑनलाइन दुकानावरचा. स्टेशनातून दिवसभरात गेलेली माणसं आणि आत्ता फलाटावर उभी असलेली माणसं, अशी ही तुलना. हे सांगितलं तर भाचा म्हणतो, “तू हरायला लागलीस की गणित काढतेस.”

काढते. आपल्याकडचा सोयीचा आकडा समोरच्याच्या अंगावर फेकायचा, एवढंच या भांडणात चालतं. आणि ते खेळणाऱ्यांनी सुरू केलेलं नाही, कंपन्यांनीच शिकवलंय.

थोडं मागे जाते. ब्रेंडन ग्रीन हा आयरिश माणूस, ‘प्लेअरअननोन’ या नावाने आर्मा या लष्करी गेमसाठी मॉड, म्हणजे मूळ गेममध्ये फेरफार करून केलेले नवे प्रकार, बनवायचा. शंभरेक माणसं, एक बेट, आकसत जाणारं वर्तुळ, शेवटी एक जण उरणार. यालाच बॅटल रॉयाल म्हणतात. त्याला कोरियातल्या ब्लूहोलने बोलावून घेतलं आणि मार्च २०१७ मध्ये पबजी अर्धवट अवस्थेतच स्टीमवर आला. तीस डॉलर मोजून लोकांनी तो अर्धवट गेम घेतला, कारण तसं दुसरं फारसं काही नव्हतंच. जानेवारी २०१८ मध्ये एका वेळी ३२ लाख ५७ हजार लोक त्यात होते. स्टीमवरचा तो विक्रम अजून मोडलेला नाही. २०२४ मध्ये ब्लॅक मिथ: वुकाँग आला तोसुद्धा २४ लाखांच्या आसपास थांबला.

तेवढ्यात फोर्टनाइट. गंमत अशी की जुलै २०१७ मध्ये आलेला मूळ फोर्टनाइट हा झॉम्बींपासून किल्ला वाचवायचा गेम होता, आणि त्याची कोणी फारशी दखलही घेतली नव्हती. पबजीचा जोर बघून एपिकने घाईघाईत बॅटल रॉयाल जोडला आणि सप्टेंबरमध्ये फुकट सोडला. ब्लूहोल चिडली, कारण पबजी ज्या अनरिअल इंजिनावर, म्हणजे गेम बनवायच्या सॉफ्टवेअरवर, चालतो ते एपिकचंच. ज्याच्याकडून हत्यार घेतलं तोच मैदानात उतरला! कोरियात खटला गुदरला गेला, २०१८ च्या मध्यात मागेही घेतला गेला. तोवर फोर्टनाइट फार पुढे निघून गेला होता. मार्च २०१८ मध्ये ट्विच या थेट प्रक्षेपणाच्या साइटवर निंजा हा स्ट्रीमर आणि ड्रेक हा रॅपर एकत्र खेळत होते ते सहा लाखांहून जास्त लोक एका वेळी बघत होते. पबजी पहिल्यांदा मेला तो इथे.

पण मेला म्हणजे काय झालं? स्टीमवरचा आकडा उतरत गेला, हे खरं. जानेवारी २०२२ मध्ये गेम फुकट झाला, लोक परत आले, आणि आजही स्टीमवर सगळ्यात जास्त खेळल्या जाणाऱ्या गेममध्ये तो वरच असतो. त्यातले बरेच जण आशियातले. चीनमध्ये संध्याकाळ झाली की आलेख वर चढतो, तिथली मध्यरात्र उलटली की घसरतो. त्यामुळे अमेरिकेतल्या स्ट्रीमरला तो मेलेला दिसतो आणि त्याच वेळी अर्ध्या जगाला तसा दिसत नाही. दोघंही आपापल्या खिडकीतून बघून बोलतात.

प्रत्येक कंपनी कुठला आकडा सांगते याच्याकडे जरा लक्ष द्या. एपेक्स ४ फेब्रुवारी २०१९ ला आगाऊ जाहिरातीशिवाय अचानक आला आणि तासांत बोलला: चोवीस तासांत २५ लाख, बहात्तर तासांत एक कोटी. (फोर्टनाइटला त्या एक कोटीसाठी दोन आठवडे लागले होते.) वॉरझोन मार्च २०२० मध्ये आला, बरोबर जग घरात बसलं तेव्हा, आणि दिवसांत बोलला: दहा दिवसांत तीन कोटी. पबजी मोबाइल डाउनलोडमध्ये बोलतो, एक अब्ज, चीन सोडून. फोर्टनाइट त्या काळात नोंदणी झालेल्या खात्यांमध्ये बोलायचा, मे २०२० मध्ये ३५ कोटी. नोंदणी काय, माझ्या एकटीच्या नावावर एपेक्सची दोन खाती आहेत, त्यातल्या एकाचा पासवर्ड मला आठवत नाही. म्हणजे कंपनीच्या हिशेबात मी दोन माणसं आहे.

माझ्या मते त्यातल्या त्यात प्रामाणिक आकडा फ्री फायरचा, गरेना कंपनीच्या मोबाइल गेमचा. गरेनाची मालक कंपनी ‘सी’ शेअर बाजारात आहे, तिमाही हिशेब द्यावा लागतो, त्यात रोज खेळणाऱ्यांची सर्वोच्च संख्या यायची. २०२० मध्ये दहा कोटी, २०२१ मध्ये पंधरा कोटी. रोज! पीसीवाल्यांच्या वादात हा गेम कधी निघतच नाही. निघाला तर हसण्यावारी नेतात. पन्नास खेळाडू, दहाएक मिनिटांची मॅच, आणि जुन्या, स्वस्त फोनवरही चालेल असा बेतलेला. ज्यांच्याकडे ग्राफिक्स कार्ड नाही त्यांनाही पॅराशूटमधून उडी मारायची असते, हे गरेनाला वेळेत कळलं. २०२१ च्या त्यांच्या जागतिक स्पर्धेला एका क्षणी ५४ लाख प्रेक्षक होते, आणि ट्विचच्या तक्त्यात बघाल तर त्याचा मागमूस नाही, कारण ती गर्दी यूट्यूबवर होती. माणसं मोजायची तर फोन मोजा. फोर्टनाइट विरुद्ध पबजी हे भांडण मग बरंच किरकोळ वाटायला लागतं. पैसे मोजायचे तर गोष्ट वेगळी. एपिक आणि अॅपलच्या खटल्यात कागद बाहेर आले तेव्हा फोर्टनाइटने २०१८ आणि २०१९ मिळून नऊ अब्ज डॉलर्सच्या वर कमावल्याचं दिसलं.

बरं, फोर्टनाइटचा आकडा बॅटल रॉयालचा तरी धरायचा का? एप्रिल २०२० मध्ये गेममध्येच झालेल्या ट्रॅव्हिस स्कॉट या रॅपरच्या कार्यक्रमाला एक कोटी तेवीस लाख लोक एकाच वेळी हजर होते. तिथे कोणीच कोणाला गोळी घातली नाही. नंतर लेगो आलं, गाड्यांच्या शर्यती आल्या, लोकांनी बनवलेले हजारो नकाशे आले. हे सगळं ‘फोर्टनाइट’ याच नावाखाली मोजलं जातं. भाचा स्वतः निम्मा वेळ कुठल्यातरी उड्या मारायच्या नकाशावर असतो. त्याला विचारलं, शेवटची बॅटल रॉयाल मॅच कधी खेळलास? “ते नको काढूस,” म्हणाला.

मग मी कशाने मोजते? रांगेने. आठवड्याच्या मधल्या वाराला रात्री दोन वाजता स्क्वॉड, म्हणजे गटाने खेळायची मॅच, लावायचा आणि मॅच किती वेळात लागते ते बघायचं. हे हसण्यासारखं वाटेल, पण या प्रकारच्या गेमचा जीव रांगेतच असतो. पाच विरुद्ध पाचच्या गेमला दहा माणसं मिळाली की भागतं. इथे एका मॅचला शंभर लागतात. शिवाय पहिल्या पाच मिनिटांत मेलेले लगेच पुढच्या मॅचसाठी रांगेत येतात, म्हणजे सतत नवीन मॅचेस भरत राहायला हव्यात. आता या गर्दीची वाटणी करा: सोलो, ड्युओ, स्क्वॉड, फर्स्ट पर्सन (पात्राच्या डोळ्यांतून), थर्ड पर्सन (पात्राच्या मागून), रँक आणि साधी, आणि प्रत्येक खंडाचा सर्व्हर वेगळा. वीसेक हजार माणसं ऐकायला खूप वाटतात, पण एवढ्या खणांत वाटली की रात्री दोनला एकेका खणात पुरेशी उरत नाहीत. पबजीलाही ज्या भागात खेळाडू कमी तिथे फर्स्ट पर्सनच्या काही रांगा बंद कराव्या लागल्या. आणि रांग लांबली की उरलेले कंटाळून जातात, म्हणजे रांग आणखी लांबते.

असेच बरेच गेले. रॅडिकल हाइट्स एप्रिल २०१८ मध्ये आला आणि मे महिन्यात त्याचा स्टुडिओच बंद झाला. द कलिंग २ तर आठवडाभरात दुकानातून मागे घेतला. युबिसॉफ्टचा हायपर स्केप २०२० मध्ये आला, २०२२ मध्ये सर्व्हर बंद. हायपर स्केप वाईट नव्हता हो. छपरांवरून पळायला मजा यायची. रिकाम्या शहरात किती पळणार?

आता यावर कंपन्यांनी तोड काढली: बॉट, म्हणजे संगणकच चालवतो असे खोटे खेळाडू. फोर्टनाइटने २०१९ मध्ये आणले, पीसीवरच्या पबजीने २०२० मध्ये, पबजी मोबाइलमध्ये तर ते आधीपासूनच. त्यामुळे रांग लवकर लागली म्हणून खूश व्हायचं नाही, लॉबीत माणसं किती ते बघायचं. पबजीतला बॉट ओळखायला अवघड नाही. तो मैदानातून सरळ रेषेत धावत येतो, आडोसा असूनही घेत नाही. तुम्हाला बघून थबकतो, झाडाला दोन गोळ्या घालतो, मग क्षणभर नुसताच उभा राहतो, जसं काही त्याला विसर पडला. मेल्यावर त्याच्या सामानात बघा. माणसाच्या बॅगेत हव्यास असतो: नको तितकी औषधं, दोन स्कोप, कधीच न वापरलेला तवा. बॉटच्या बॅगेत जेमतेम. मी सुरुवातीची दहा मिनिटं किल फीड, म्हणजे कोणी कोणाला मारलं ती पडद्यावरची यादी, वाचते. एकाच नावाने पाच-सात जण लागोपाठ टिपले आणि कोणीही आधी नॉक झालं नाही (जखमी होऊन कोसळलं नाही), थेट मेलं, तर बहुधा मैदानात खेळण्यातली माणसं सोडलेली आहेत.

या हिशेबात एपेक्स माझ्याकडे नेहमी वर असतो आणि त्याचं कारण कुठल्याच तक्त्यात येत नाही. मी रँडम लोकांबरोबर खेळताना माइक लावत नाही. बाईचा आवाज ऐकला की पुढची वीस मिनिटं कशी जातात हे ज्यांना माहीत आहे त्यांना सांगायला नको, ज्यांना माहीत नाही त्यांनी एकदा बहिणीच्या शेजारी बसून बघावं. पबजीत त्या वेळी माइक नाही म्हणजे तुम्ही ओझं. एपेक्सने माउसचं मधलं बटण दिलं. एकदा दाबलं की ‘इकडे जाऊ’, लगेच दोनदा दाबलं की ‘शत्रू’. जमिनीवरच्या बंदुकीवर दाबलं की माझं पात्र तिचं नाव घेऊन ओरडतं, आणि समोरचा तिथल्या तिथे ‘माझ्यासाठी ठेव’ असं सांगू शकतो. तीन अनोळखी माणसं, तीन भाषा, एक शब्द न बोलता शेवटच्या वर्तुळापर्यंत. मला पहिल्यांदा वाटलं की मी या स्क्वॉडमध्ये उपयोगाची आहे.

या बटणाच्या सोयीला पिंग म्हणतात. काही आठवड्यांत फोर्टनाइटने पिंग आणलं. एपेक्समध्ये मेलेल्या साथीदाराचा बॅनर उचलून त्याला परत आणता यायचं. एप्रिल २०१९ मध्ये फोर्टनाइटमध्ये त्याच कामासाठी व्हॅन उभ्या राहिल्या. वॉरझोन तर पिंग घेऊनच जन्माला आला आणि मेलेल्यांसाठी त्याने गुलाग काढला, समोरासमोर जिंका नि परत या. पबजीनेही फार उशिरा, नाक मुरडत, मेलेल्यांना परत आणायची सोय केली. एपेक्सचे स्टीमवरचे आकडे २०२३ च्या सुरुवातीला सहा लाखांवर जाऊन नंतर चांगलेच पडले, भाचा तेही दाखवतो. पण तो स्वतः रोज फोर्टनाइटमध्ये जे बटण दाबतो ते कुठून आलं, हे त्याच्या स्क्रीनशॉटमध्ये नसतं.

आणि काही चढउतार तर खेळणाऱ्यांच्या हातातलेच नसतात. ऑगस्ट २०२० मध्ये अॅपलने फोर्टनाइट आपल्या स्टोअरवरून काढला. पुढच्याच महिन्यात भारताने पबजी मोबाइलवर बंदी घातली. एका रात्रीत कोट्यवधी खेळाडू आलेखातून गळाले, त्यात आवडीनिवडीचा प्रश्नच नव्हता.

सध्या तर मला वेगळंच दिसतंय. हे गेम एकमेकांशी भांडायचे थांबलेत, ते स्वतःच्याच जुन्या रूपाशी झुंजतायत. फोर्टनाइटचा तो साडेचार कोटींचा दिवस जुन्या नकाशाचा होता, नव्याचा नव्हे. डिसेंबर २०२४ पासून तो जुना नकाशा कायमचाच ठेवलाय. वॉरझोनने २०२१ च्या शेवटी आपला पहिला नकाशा वर्डान्स्क काढून टाकला, लोक तीन वर्षं कुरकुरले, आणि एप्रिल २०२५ मध्ये वर्डान्स्क परत आलं तेव्हा जुने लोक धावत सुटले. पबजीत नकाशे कितीही येवोत, गर्दी एरँगल या पहिल्या नकाशालाच. तिथल्या पोचिंकी गावात उतरायचं म्हटलं की अजूनही चार स्क्वॉड अंगावर येतात आणि त्यातला एकही बॉट नसतो, हे मी छातीठोकपणे सांगते, कारण बॉट खिडकीतून ग्रेनेड टाकून वर नाचत नाहीत.

भाच्याने काल नवा तक्ता पाठवलाय. त्यात पबजी फोर्टनाइटच्या वर आहे, म्हणून “हा तक्ता चुकीचा आहे” अशी टीपही सोबत आहे. मी तो जपून ठेवलाय.