दुसरा चंद्र आणि पूर्णांक मागणारा चौकोन

गोष्टीत दुसरा चंद्र घ्यायचा ठरवला की सुरुवातीचं सगळं झरझर होतं. नाव सुचतं, रंग सुचतो, त्याच्याबद्दलच्या लोककथाही जमून जातात. माझ्या कादंबरीतल्या ग्रहाला दोन चंद्र आहेत, तिथले लोक त्यांना थोरली आणि काजळी म्हणतात. जादूचा नियम एकच: चांदण्यात घेतलेली शपथ मोडता येत नाही, पण दुहेरी अमावस्येला, म्हणजे दोघीही आभाळात नसतात त्या रात्री, सगळ्या शपथा सुटतात. राजाने तरुणपणी घेतलेली एक शपथ, ती सुटायची वाट बघत बसलेली त्याची बहीण आणि पिढीतून एकदाच येणारी ती रात्र. कथानक तयार.

अडकले ती कॅलेंडरात.

थोरली मी आपल्या चंद्रासारखीच ठेवली, अमावस्या ते अमावस्या २९.५३ दिवस. काजळी तिच्या निम्म्या अंतरावर. केप्लरचा तिसरा नियम लावला (फेरीच्या काळाचा वर्ग अंतराच्या घनाच्या प्रमाणात) की काजळीची एक फेरी ९.६६ दिवसांत होते. पण तेवढ्या दिवसांत ग्रह स्वतः सूर्याभोवती पुढे सरकलेला असतो, म्हणून तिची अमावस्या ते अमावस्या ९.९२ दिवसांची. आपल्या चंद्राचंही तेच आहे: फेरी २७.३२ दिवसांची, महिना २९.५३ चा. कलांचा हिशोब करताना नेहमी मोठा आकडा घ्या.

हे आकडे घेऊन मी काल्पनिक जगांसाठी कॅलेंडर बनवून देणाऱ्या एका साधनाकडे गेले. नाव घेत नाही. दिसायला देखणं, महिन्यांना रंग देता येतात, सणांना चिन्हं लावता येतात. 'चंद्राचे चक्र' असा चौकोन होता. त्यात २९.५३ टाकलं, खाली लाल अक्षरं आली: 'कृपया पूर्णांक भरा.' दशांश चिन्हाऐवजी स्वल्पविराम देऊन बघितला, अपूर्णांक लिहून बघितला. परत तीच लाल ओळ, तितकीच नम्र.

मग नाइलाजाने ३० आणि १० भरले. झालं! तिसाला दहाने पूर्ण भाग जातो, त्यामुळे दर महिन्याला न चुकता दुहेरी अमावस्या. महिन्याच्या महिन्याला शपथा सुटायला लागल्या तर त्या राज्यात कोण कशाला शपथ घेईल? तिसाचे २९ केले तर दर २९० दिवसांनी. म्हणजे राजाच्या बहिणीने वर्षभरही वाट बघायची गरज नाही, आणि माझं अख्खं पुस्तक तिच्या वाट बघण्यावर उभं. मदतीसाठी लिहिलं, तर उत्तर आलं की सूचना नोंदवून घेतली आहे. नंतर मी अधूनमधून जाऊन तो चौकोन तपासायचे. लाल ओळ जागच्या जागी. बाकी सगळी कादंबरी एका चौकोनापायी खोळंबलेली, आणि मी राजवाड्यातल्या पडद्यांचे रंग ठरवत बसलेली.

शेवटी साधन सोडलं आणि साधी स्प्रेडशीट उघडली. हेच आधी करा. पहिल्या रकान्यात दिवसाचा सलग क्रमांक. दुसऱ्यात त्याला २९.५३ ने भागून उरलेली बाकी, तिसऱ्यात ९.९२ ने भागून उरलेली. बाकी शून्याजवळ किंवा भाजकाजवळ आली की अमावस्या. दोन्ही रकाने एकाच वेळी तसे दिसले की दुहेरी.

तर खरे आकडे वेगळंच त्रांगडं दाखवायला लागले. काजळीच्या तीन अमावस्या २९.७६ दिवसांत बसतात, म्हणजे दर महिन्याला ती थोरलीच्या मागे साधारण साडेपाच तासच पडते. एकदा दोघींची गाठ पडली की आधीचे आणि नंतरचे चार-चार महिने अमावस्या एकमेकींच्या दिवसभराच्या आतच राहतात. मग मोठी गॅप आणि साधारण साडेतीन वर्षांनी पुन्हा तोच मेळा. पिढीतून एक रात्र मागितली होती, मिळाला साडेतीन वर्षांनी येणारा आठ-नऊ महिन्यांचा मोसम!

सुटका झाली ती ग्रहणामुळे. आपल्याकडे दर अमावस्येला सूर्यग्रहण होत नाही, कारण चंद्राची कक्षा सुमारे ५ अंशांनी कललेली आहे आणि बहुतेक वेळा सावली ग्रहाच्या वरून किंवा खालून निघून जाते. मी काजळीची कक्षा आणखी तिरकी केली आणि नियम बदलला: शपथा सुटतात त्या दोघींच्या सावल्या एकाच दिवशी जिथे पडतील तिथेच. खग्रास ग्रहणाचा पट्टा ग्रहाच्या मानाने अगदी चिंचोळा असतो, बहुधा शे-दोनशे किलोमीटर रुंद. असे दोन पट्टे जिथे एकमेकांना छेदतील तेवढ्याच तुकड्यात शपथा सुटणार. आता बहिणीला नुसतं थांबून चालत नाही, राजाला त्या तुकड्यात आणावं लागतं, आणि तो तिथून पळ काढायला बघतो. हे मला आधी सुचलंच नव्हतं. खरं सांगते, पुस्तकातला सगळ्यात चांगला भाग तोच झालाय.

आणखी काही गोष्टी, आठवतील तशा.

चंद्र मोठा दाखवायचा मोह आवरा. घनता सारखी असेल तर भरतीचं बळ आभाळात दिसणाऱ्या व्यासाच्या घनाप्रमाणे वाढतं. पाचपट रुंद चंद्र म्हणजे सव्वाशेपट बळ, आणि माझी राजधानी बंदरावर. म्हणून काजळी थोरलीएवढीच दिसते, निम्म्या अंतरावर निम्म्या व्यासाची. काळी असण्याचं मात्र काही विशेष नाही. आपला चंद्रसुद्धा सूर्याचा जेमतेम १२ टक्के प्रकाश परत फेकतो, जुन्या डांबरी रस्त्यासारखा, फक्त काळ्या आभाळात तो पांढरा दिसतो.

मुखपृष्ठाचं पहिलं चित्र आलं त्यात दोन पूर्ण चंद्र, एक उगवतीला, एक मावळतीला. सुंदर, पण अशक्य. पौर्णिमेचा चंद्र सूर्याच्या बरोबर समोर असतो, म्हणून दोघींची पौर्णिमा एकाच रात्री असेल तर दोघी आभाळात शेजारी-शेजारीच दिसणार. तसंच मध्यरात्री डोक्यावर बारीक कोर दाखवू नका, ती संध्याकाळी मावळतीला किंवा पहाटे उगवतीलाच दिसते.

आणि दिवसाचा सलग क्रमांक शेवटपर्यंत सोडू नका. खगोलशास्त्रज्ञही ज्युलियन दिवसांक वापरतात, त्यात महिने-वर्षं नसतात, नुसते मोजलेले दिवस. माझ्या प्रत्येक प्रकरणाच्या वर कोपऱ्यात तो क्रमांक आहे. छापताना काढून टाकेन. तोवर कोणत्या प्रसंगात कोणती आभाळात आहे हे दोन रकाने बघून कळतं, आणि त्यांच्यात दशांश चिन्ह चालतं.