म्युनिकचा पार्किंगवाला दिवस

मी टूर मॅनेजर. मे महिन्याचा सीझन, 38 माणसं, म्युनिकला दीड तास फ्री टाइम आणि मग गार्मिशवरून इन्सब्रुक. कार्ल्सप्लाट्झला सगळ्यांना सोडलं, टॉयलेटसाठी सुट्टे युरो वाटले आणि ड्रायव्हरशी बस कुठे उभी करायची यावरून रोजची कटकट सुरू केली, तेवढ्यात ठाण्याचे काका आले. म्हणाले, इथल्या मशिदीची जागा दाखव.

मला वाटलं खरंच मशीद. तर काका बेने इस्रायल, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू, मूळ अलिबागकडचे, आणि त्यांच्याकडे सिनेगॉगला, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळाला, मशीदच म्हणतात. मुंबईतल्या मस्जिद बंदर स्टेशनचं नावसुद्धा त्यांच्या 1796 च्या जुन्या मशिदीवरून पडलं असं सांगतात, हे मला तेव्हाच कळलं, इतकी वर्षं सेंट्रलने फिरून!

हर्झोग-माक्स-श्ट्रासे दोन मिनिटांवर निघाली. त्या गल्लीत मी किती ग्रुप आणलेत देव जाणे, तिथला दगडी चौथरा म्हणजे माझ्यासाठी फक्त "इथे भेटायचं" एवढंच होतं. काकांनी खिशातून रुमाल काढून डोक्यावर ठेवला आणि दगडावरची हिब्रू अक्षरं उजवीकडून डावीकडे बोट फिरवत वाचली, अगदी हळू, मधेच थांबून.

मग तेच सांगू लागले. 1887 ची इमारत, शहरातलं मुख्य सिनेगॉग. जून 1938 मध्ये हिटलरच्या हुकमावरून पाडायचं ठरलं, ज्यू समाजाला कळवलं आदल्या दिवशी, त्या संध्याकाळी शेवटची प्रार्थना झाली आणि दुसऱ्या दिवशी 9 जूनला तोडकाम चालू. नोव्हेंबरमध्ये नाझींनी देशभर सिनेगॉगं जाळली, त्या जाळपोळीला अजून पाच महिने होते, म्हणजे दंगलीत वगैरे नाही गेलं, रीतसर कंत्राट देऊन पाडलं. आणि जागेवर काय केलं तर पार्किंग.

पार्किंग! मी सकाळपासून त्याच शहरात पार्किंगसाठी भांडत होतो, काय बोलणार.

काका म्हणाले पुढचं ऐक. मलबा कंत्राटदाराच्या आवारात पडून राहिला, लढाई संपली, 1956 ला इसार नदीवरचा बंधारा दुरुस्त करायला तोच दगड पाण्यात टाकला. 2023 च्या जूनमध्ये तिथे काम करणाऱ्या मजुरांना कोरीव दगड मिळाले, त्यात ज्यू धर्मातल्या दहा आज्ञांच्या शिळेचा तुकडा. सिनेगॉग पाडून 85 वर्षं झालेली.

तेवढ्यात ड्रायव्हरचा फोन, लवकर या, पोलीस हलवतायत. धावतपळत बसमध्ये आलो, मी डोकी मोजली, माईक घेतला आणि इन्सब्रुकची अनाउन्समेंट करणार तर पुढच्या सीटवरून काकांनी विचारलं, नदी कुठल्या बाजूला?

मॅपवर बघितलं. डावीकडे, म्हणलं, पण झाडांमुळे दिसणार नाही.

बरं, म्हणाले, आणि शेजारच्या काकूंना उठवून डावीकडची खिडकी मागून घेतली.