बोफानातली दुपार

कंबोडियाच्या राजधानीत, नॉम पेनला गेलेला माणूस राजवाडा बघतो, तुओल स्लेंगचा तुरुंग बघतो आणि अंकोरवाटसाठी सिएम रीपची बस पकडतो. आमचाही बेत तोच होता. पण ऊन असलं रणरणतं की स्ट्रीट २०० वरच्या बोफाना केंद्रात शिरलो, ते खरं तर एसीसाठी.

दिग्दर्शक रिथी पान्ह यांनी २००६ मध्ये सुरू केलेलं हे दृकश्राव्य संग्रहालय. नाव हूत बोफानाचं, तुओल स्लेंगमध्ये जीव गेलेल्या एका तरुणीचं. प्रवेश फुकट. संगणकासमोर बसा, हेडफोन चढवा, हवं ते बघा.

मी निवडला ली बुन यिम यांचा १९६८ चा, बारा बहिणींच्या दंतकथेवरचा सिनेमा. राक्षसीण राणी होऊन येते, बहिणींचे डोळे काढवते. धाकटीचा तेवढा एक डोळा वाचतो. आजीच्या गोष्टीत शोभावी अशी ही कथा. ओरखडे पार चेहऱ्यांवरून जातात, आवाज मधेच खरखरतो, तरी मी जागचा हललो नाही.

१९६० ते १९७५ या काळात इथे जवळपास ४०० सिनेमे निघाले. देशाचे प्रमुख सिहानूकसुद्धा हौसेने दिग्दर्शन करायचे! १७ एप्रिल १९७५ ला पोल पॉटचे कम्युनिस्ट बंडखोर, ख्मेर रूज, राजधानीत घुसले आणि शहरच रिकामं केलं. कलाकार मारले गेले, काही परदेशी निसटले. आज उरलेत जेमतेम ३० सिनेमे, त्यातले कित्येक जुन्या व्हीएचएस कॅसेटवर. मूळ फिल्म मिळाली तर ती पुसून, फाटलेल्या कडा जोडून एकेक फ्रेम स्कॅन करता येते, उडालेला रंगही बराच परत आणता येतो. कॅसेटवर मात्र चित्रातला तपशीलच उतरलेला नसतो. तिथे संगणक तरी काय करणार?

आणि आपण? 'आलम आरा'ची एकही प्रत शिल्लक नाही. आपल्याकडे तर कुणी पोल पॉट आला नव्हता.

गाणी मात्र टिकली. संध्याकाळी टुकटुकवाल्याजवळ त्या काळच्या गायकाचं, सिन सिसामूतचं नाव काढलं, तर पठ्ठ्याने लगेच मोबाईलवर गाणं लावलं आणि सुरात सूर मिसळला. हे ज्यातलं आहे तो सिनेमा पाहिलायस का, असं विचारल्यावर म्हणाला, "मी नाही, आईने पाहिलाय." भाडं मात्र ठरल्यापेक्षा एक डॉलर जास्तच घेतलं.