लाकूड कुठल्या गटात?

मानसशास्त्राचा इतिहास हा पेपर विद्यार्थ्यांना नकोसा असतो. समुपदेशन, चिकित्सा, मेंदूविज्ञान या विषयांना उत्साह असतो. इतिहास म्हणजे १८७९ साली लाइपझिगमध्ये वुंटने प्रयोगशाळा काढली, मग अमुकने तमुक पंथ काढला, अशी नावांची आणि सनांची माळ. परीक्षेच्या आदल्या रात्री ओवायची आणि दुसऱ्या दिवशी तोडायची. हा पेपर मी शिकवते. प्रात्यक्षिकंही माझ्याकडेच आहेत. विद्यार्थ्यांच्या लेखी या दोन तासांचा एकमेकांशी काही संबंध नसतो. एका दुपारी तो आपोआप जुळला, त्याची ही हकीकत. (त्यातल्या माणसांची ओळख पटेल असे तपशील मी बदलले आहेत.)

त्या दिवशीचं प्रात्यक्षिक साधं होतं. चार चित्रं समोर ठेवायची, त्यातली तीन एका गटाची, एक वेगळं. प्रयुक्ताने, म्हणजे ज्याच्यावर प्रयोग करायचा त्या माणसाने, वेगळं चित्र ओळखायचं आणि कारण सांगायचं. प्रत्येकाने बाहेरून एक प्रयुक्त आणायचा, हा नियम. आणि ज्या दिवशी प्रात्यक्षिक त्याच दिवशी प्रयुक्त आजारी पडतो, हा त्याहून जुना नियम. एका विद्यार्थिनीचा प्रयुक्त आलाच नाही. प्रयोगशाळेच्या कोपऱ्यात एक सुतारकाका कपाटाचं खिळखिळं झालेलं दार दुरुस्त करत होते. तिने त्यांनाच विचारलं. ते म्हणाले, "वेळ किती लागेल?" अर्धा तास म्हटल्यावर हात पुसून येऊन बसले. तिने संमतिपत्र वाचून दाखवलं, त्यांनी सही केली. शाळा लवकर सुटली होती, कामापुरतं वाचता येत होतं, अशी नोंद तिने केली.

पहिला संच होता हातोडी, करवत, कुऱ्हाड आणि लाकडाचा ओंडका.

मी मागच्या टेबलापाशी उभी होते आणि जरा सावध झाले. हा संच ज्याने कोणी कधीकाळी आमच्या विभागात आणला, त्याला लुरिया माहीत असणार. सोव्हिएत मानसशास्त्रज्ञ अलेक्झांडर लुरियाने १९३१ आणि १९३२ मध्ये उझबेकिस्तानातल्या दुर्गम गावांमध्ये शेतकऱ्यांपुढे हीच चार चित्रं ठेवली होती. इथे तर ती थेट सुतारापुढे आली होती.

काकांनी आधी करवतीचं चित्र उचलून डोळ्यांजवळ नेलं. "ही ढकलायची करवत आहे की ओढायची? दात कळत नाहीत." विद्यार्थिनीने सूचना पुन्हा वाचली. नियमाप्रमाणे तिला तेवढंच करता येत होतं. काकांनी चारही चित्रं जवळजवळ ठेवली. "यात वेगळं काही नाही. ओंडका काढला तर बाकीच्या तिघांनी करायचं काय?"

तिने उत्तर टिपलं आणि गुणाच्या रकान्यात शून्य लिहिलं. काकांना ते दिसलं असावं.

"ताई, एक विचारू? याचं उत्तर तुम्हाला माहीत आहे ना?"

"हो."

"मग मला कशाला विचारताय?"

वर्गात हशा पिकला. ती बावरली आणि मदतीसाठी माझ्याकडे बघू लागली. मी मध्ये पडले नाही, कारण प्रश्न इतका अचूक होता की त्यावर माझं एक अख्खं व्याख्यान झालं असतं.

ज्याचं उत्तर आपल्याला ठाऊक आहे तो प्रश्न दुसऱ्याला विचारणं ही तशी विचित्र वागणूक आहे. रस्ता विचारणारा माणूस उत्तर ऐकून 'शाबास, बरोबर' म्हणत नाही. हे घडतं ते मुख्यतः शाळेत. शिक्षक विचारतो, मूल उत्तर देतं, शिक्षक बरोबर-चूक ठरवतो. वर्गातल्या बोलण्याची ही तीन पावलांची चाल ह्यू मेहान यांनी १९७९ मध्ये नेमकी मांडली. शाळेत वर्षानुवर्षं बसलेल्या आपल्याला ती इतकी अंगवळणी पडलेली असते की तिचं वेगळेपण जाणवतही नाही. मानसशास्त्रीय चाचणी याच चालीवर उभी आहे. समोरच्याला ही चाल येते असं चाचणी गृहीत धरते आणि मग त्याची बुद्धी मोजायला घेते.

काका मात्र एवढ्यावर थांबणारे नव्हते. "आता तुम्ही सांगा," असं म्हणून त्यांनी आपल्या पेटीतून चार वस्तू काढून टेबलावर मांडल्या. खिळा, स्क्रू, सरसाची बाटली आणि क्लॅम्प. "यातलं वेगळं कोणतं?"

दोन-तीन आवाज एकदम आले, "सरस!" बाकीचं सगळं धातूचं, हे कारण.

"धातू आहे तर आहे. त्याने काय ठरतं?" काका म्हणाले. "वेगळा क्लॅम्प. खिळा, स्क्रू, सरस जोडात राहतात. क्लॅम्प काम झालं की काढून घ्यायचा."

मला वाटतं, तासाचा कस इथे लागला. लुरियाचं वाचन थोडंफार केलेले माझे विद्यार्थी काकांच्या पहिल्या उत्तरावर मनातल्या मनात शिक्का मारून मोकळे झाले होते. हा माणूस मूर्त प्रसंगात विचार करतो, अमूर्त वर्ग त्याला जमत नाहीत. आणि तोच माणूस 'कायम राहणारं' आणि 'तात्पुरतं' अशी विभागणी करून दाखवत होता, जी दिसत नाही, हाताला लागत नाही, निव्वळ कार्यावरून काढावी लागते. धातू डोळ्यांना दिसतो. अमूर्त कोणाचं होतं मग?

पुढची गंमत त्यांनी उठता उठता केली. "तुम्हाला नुसती अवजारं बाजूला काढून हवी होती होय? मग तसं सांगायचं." आणि ओंडक्याचं चित्र एका बोटाने सरकवून ते कपाटाकडे परत गेले.

मला लायबेरियातल्या क्पेले शेतकऱ्यांची आठवण होणं अपरिहार्य होतं. मानसशास्त्रज्ञ मायकेल कोल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तिथे वस्तूंचं वर्गीकरण करायला सांगितलं तेव्हा लोक वापरानुसार जोड्या लावत, सुरीबरोबर तिने कापायची वस्तू. शहाणा माणूस असंच करतो, असंही सांगत. मग संशोधकांनी विचारलं की मूर्ख माणूस कसं करेल? त्याबरोबर सगळ्या वस्तूंचे प्रकारवार नीटनेटके गट समोर आले. हा प्रसंग जोसेफ ग्लिक यांनी नोंदवून ठेवला आहे आणि मी तो दरवर्षी सांगते. दरवर्षी तो कुठल्या तरी लांबच्या लोकांचा किस्सा म्हणून ऐकला जातो. त्या दिवशी तसं म्हणायची सोय नव्हती.

काका गेल्यावर प्रात्यक्षिक बाजूला राहिलं आणि वाद सुरू झाला. सगळ्यात चांगला हल्ला केला तो अध्ययन-अडचणी असलेल्या मुलांबरोबर काम करणाऱ्या एका विद्यार्थ्याने. "मॅडम, मग चाचण्या फेकून द्यायच्या का? आमच्याकडे येणाऱ्या मुलाला आकडा नसेल तर मदतच मिळत नाही. शिक्षक म्हणतात आळशी आहे, घरचे म्हणतात नाटक करतो. चाचणीच त्याची बाजू घेते."

हे खरं आहे. चाचण्यांवर टीका करणारे पुष्कळ जण हे सोयीस्करपणे विसरतात, आणि त्यांचा मला कंटाळा आहे. बिनेची चाचणी जन्मली ती अशाच गरजेतून. फ्रान्समध्ये १८८० च्या दशकाच्या सुरुवातीला प्राथमिक शिक्षण सक्तीचं झालं. आजवर शाळेचं तोंड न पाहिलेली मुलं वर्गात आली आणि काहींना वर्गाबरोबर चालता येईना. कोणाला वेगळी मदत लागेल हे शिक्षकाच्या लहरीवर न सोडता कसं ठरवायचं, या प्रश्नातून आल्फ्रेड बिने आणि थिओडोर सिमाँ यांची १९०५ ची चाचणी आली. म्हणजे सक्तीची शाळा आधी, चाचणी मागाहून. शाळेने निर्माण केलेल्या प्रश्नाचं शाळेच्याच भाषेतलं उत्तर. बुद्धी ही न बदलणारी ठरावीक राशी आहे, या समजाला बिनेचा स्पष्ट विरोध होता. सरावाने आणि शिकवण्याने ती वाढते, असं तो मांडत होता.

बिने १९११ मध्ये गेला. पुढच्याच वर्षी विल्यम स्टर्नने चाचणीवरून काढलेल्या मानसिक वयाला प्रत्यक्ष वयाने भागायची युक्ती सुचवली आणि बुद्ध्यांकाचा रस्ता मोकळा झाला. अमेरिकेत टर्मनने १९१६ मध्ये बिनेच्या चाचणीची स्टॅनफर्ड आवृत्ती काढली, आणि पहिल्या महायुद्धात सुमारे साडेसतरा लाख सैनिकांना सामुदायिक चाचण्या दिल्या गेल्या. इंग्रजी वाचता न येणाऱ्यांसाठी चित्रांची बीटा चाचणी होती. तिच्यातली काही चित्रं मी फळ्यावर काढून दाखवली. टेनिसच्या मैदानात जाळी नाही, ग्रामोफोनला कर्णा नाही. काय गहाळ आहे ते भरा. वीस चित्रं, तीन मिनिटं. नुकत्याच परदेशातून आलेल्या, टेनिस कधी न पाहिलेल्या तरुणाने जाळी काढली नाही तर तो कमी बुद्धीचा! या आकडेवारीवरून कार्ल ब्रिगमने १९२३ मध्ये कोणत्या वंशाचे स्थलांतरित किती बुद्धिमान याची क्रमवारी लावली. १९३० मध्ये त्याने स्वतःच तो निष्कर्ष निराधार म्हणून मागे घेतला. दरम्यान १९२४ मध्ये स्थलांतरावर कडक मर्यादा घालणारा कायदा होऊन गेला होता. कायदा चाचण्यांमुळेच झाला म्हणणं ताणलेलं ठरेल, वंशश्रेष्ठत्वाचं राजकारण त्याआधीपासून पेटलेलं होतं. पण त्या राजकारणाच्या हातात विज्ञानाचा आकडा पडला, एवढं खरं.

"म्हणजे तीच चाचणी मुलाची बाजू घेते आणि तीच त्याला बाहेरही काढते," तो विद्यार्थी म्हणाला. मी मान डोलावली. कोण, कोणासाठी, कशाकरता मोजतंय हे चाचणीच्या पेटीवर छापलेलं नसतं.

लुरियाचं पुढे काय झालं, हेही त्यांनी विचारलं. त्याचं स्वतःचं म्हणणं असं नव्हतं की त्या शेतकऱ्यांना बुद्धी कमी. त्याचा सहकारी वायगॉट्स्की आणि तो, दोघांचा दावा उलट होता: विचारांची घडण समाजाच्या घडणीबरोबर बदलते, आणि थोडंफार शिक्षण झालेले, सामूहिक शेतीच्या कारभारात पडलेले लोक याच प्रश्नांना वेगळी उत्तरं देत होते. तरी मागासापासून पुढारलेल्याकडे जाणारी एकच शिडी त्यांच्या मनात होती, हे मला खटकतं आणि मी तसं वर्गात सांगते. त्याच्या काळात मात्र त्याच्यावर आरोप झाला तो अल्पसंख्य जनतेला हीन लेखल्याचा. मोहिमेत जमवलेलं साहित्य कपाटात गेलं. रशियनमध्ये ते पुस्तकरूपाने १९७४ मध्ये आलं, म्हणजे मोहिमेनंतर चार दशकांनी.

शिडीचा प्रश्न नंतर सिल्व्हिया स्क्रिब्नर आणि कोल यांनी सोडवायला घेतला. लायबेरियातल्या वाई लोकांची स्वतःची लिपी आहे आणि ती शाळेत न जाता, एकमेकांकडून शिकली जाते. तेव्हा साक्षरता आणि शाळा वेगळी करून तपासता येत होती. १९८१ मध्ये त्यांनी मांडलेला निष्कर्ष असा की नुसत्या लिहिण्या-वाचण्याने सगळा विचारच उंचावतो असं दिसत नाही. ज्या कामासाठी लिपी वापरली त्या कामाची कौशल्यं वाढतात. शाळेचा ठळक परिणाम दिसला तो आपलं उत्तर असं का आलं हे शब्दांत समजावून सांगण्यावर. हे वाचून दाखवल्यावर ती विद्यार्थिनी म्हणाली, "आणि आपण गुण कारणालाच देतो." खरंच, आमच्या उत्तरसूचीत अर्धे गुण कारणाचे होते.

एकाने विचारलं, प्रयुक्ताने प्रयोगकर्त्यालाच प्रश्न विचारले, हे चालतं का? आज चालत नाही, पण वुंटच्या प्रयोगशाळेत ते नित्याचं होतं. तिथे विद्यार्थी आणि सहकारी आळीपाळीने दोन्ही जागी बसत, आणि निरीक्षण नोंदवणारा प्रयुक्त हा उपकरण हाताळणाऱ्यापेक्षा महत्त्वाचा मानला जाई. वुंट स्वतःही त्या खुर्चीवर बसे. त्याच सुमारास पॅरिसमध्ये संमोहनाच्या प्रयोगांत डॉक्टर पुरुष आणि प्रयुक्त रुग्ण स्त्रिया, अशी उतरंड पक्की होती. लंडनमध्ये १८८४ च्या आरोग्य प्रदर्शनात गॉल्टनने तिसराच प्रकार केला. तीन पेन्स द्या आणि स्वतःला मोजून घ्या! नऊ हजारांहून जास्त लोकांनी मोजून घेतलं. कर्ट डान्झिगर यांनी १९९० मध्ये दाखवून दिलं की या तीन रीतींपैकी कोणती टिकली हे त्या त्या समाजातल्या नात्यांवर ठरलं. शिक्षणखात्यांना हवी होती विद्यार्थ्यांच्या गटांची सरासरी. एकेका माणसाचं मन त्यांच्या कामाचं नव्हतं. मग शास्त्रही तिकडे वळलं.

तास संपून गेला होता. गुण किती द्यायचे हा प्रश्न शिल्लक होता. प्रमाणित सूचनेनुसार मिळालेलं पहिलं उत्तरच मोजायचं, नाहीतर मानकांशी, म्हणजे इतरांच्या गुणांवरून ठरवलेल्या मापांशी, तुलना करता येत नाही. तेव्हा शून्य शून्यच राहिलं, आणि राहायलाच हवं होतं असं माझं मत आहे. नियम मोडून दयाबुद्धीने गुण वाढवले तर तो आकडा कशाचाच राहत नाही. पण मर्यादा तपासण्याची म्हणून एक मान्य पद्धत आहे: प्रमाणित भाग पूर्ण झाल्यावर सूचना बदलून, मदत देऊन पुन्हा पाहायचं आणि ते वेगळं लिहायचं. काकांनी ओंडका बोटाने सरकवला ती नोंद तिथे गेली. क्लॅम्पचा प्रसंगही तिने तसाच्या तसा लिहिला, आणि त्या तक्त्यात 'प्रयोगकर्ता: सुतार, प्रयुक्त: वर्ग' असं टाकलं. आमच्या वर्गाचे गुणही तिने काकांच्या उत्तरसूचीप्रमाणे दिले. शून्य.

परीक्षेला आलेल्या बाहेरच्या परीक्षकांनी जर्नल चाळताना त्या पानावर बोट ठेवलं आणि प्रयोगाचा उद्देश नक्की काय होता असं तिला विचारलं. ती म्हणाली, वर्गीकरणाचा अभ्यास. कोणाच्या वर्गीकरणाचा, हे त्यांनी विचारलं. दोघांचं बोलणं बराच वेळ चाललं आणि पुढच्या परीक्षार्थ्याला बाहेर ताटकळत बसावं लागलं.

आमच्या जर्नलच्या नमुन्यात तेव्हापासून एक शीर्षक वाढलं आहे, 'प्रयुक्ताने विचारलेले प्रश्न'. बरेच विद्यार्थी तिथे 'काही नाही' लिहून आणतात. तेवढी पानं मी परत पाठवते.