सयपीठ

रविवार, रात्री अकरा

दिवाळी अंकाच्या संपादकांना उत्साहात 'हो' म्हणून बसले, आता निस्तरतेय. त्यांना अद्भुतकथा हवी आहे. "तुमचं स्वतःचं जग उभं करा," म्हणाले. जग तसं झटक्यात उभं राहिलं. डोंगरातलं एक राज्य, त्याला दोन चंद्र, आणि मधोमध एक विद्यापीठ. तिथे वैद्यक नाही, युद्धशास्त्र नाही. लोकांनी विसरू नये ते सगळं सांभाळायचं, एवढंच काम. आधी स्मृतिस्थळ हे नाव सुचलं होतं, पण महानुभावांचा त्या नावाचा ग्रंथच आहे. म्हणून सयपीठ. नवऱ्याला ऐकवलं तर पेपरातून मान वर न करता म्हणाला, "कसलं पीठ? ज्वारीचं?"

आज सात मनोरे लिहिले. तळापासून टोकापर्यंत पोथ्या, शिड्यांवर चढलेले म्हातारे ग्रंथपाल, एक कायम बंद असलेलं दालन. शेवटी शत्रू येऊन आग लावणार. परत वाचलं आणि जांभई आली. आपल्याच मजकुरावर जांभई येणं फार वाईट.

बुधवार

आग काढून टाकली. पोथ्या जळतात हे सगळ्यांना माहीत आहे. पोथीत कधी आलंच नाही ते कसं जातं, ते मला लिहायचंय.

गेले तीन दिवस जात्यावरच्या ओव्या ऐकतेय. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी खेडोपाडी फिरून गोळा केलेल्या. हजारावर गावं, लाखाच्या वर ओव्या. 'पारी' या ग्रामीण भारताच्या संकेतस्थळावर बायांच्या आवाजासकट मिळतात. ऐकता ऐकता वाटलं, आपल्या आत्याला तर हे सगळं येत असणार. संध्याकाळी तिच्याकडे गेले. सोफ्यावर बसली होती, समोर टीव्ही चालू. फोन रेकॉर्डिंगला लावून तिच्यापुढे धरला.

"काय माहीत गं. आठवत नाही आता."

"एखादी तरी?"

"अगं, अशी बसल्या बसल्या थोडीच येते?"

मला वाटलं, वय झालं. एक्याऐंशी. चहा पिऊन परत आले. फोनमध्ये चौदा मिनिटं मालिकेचे संवाद.

शनिवार

आत्येभावाच्या मुलीचं लग्न आहे, आज हळद दळायची होती. गॅलरीतल्या जात्यावर एरवी तुळशीची कुंडी असते. ती खाली उतरवली, जातं धुतलं, खुंट्याला आंब्याची पानं आणि हळकुंड बांधलं. पाच सवाष्णी बसल्या. फोटो झाले, हळकुंडं नुसतीच टणाटण वाजली, आणि सगळ्या जेवायला उठल्या. (हळद पुड्यातली आणलेलीच होती.)

आत्या तिथेच राहिली. कुणी सांगितलं नाही, विचारलं नाही. एक पाय लांब केला, खुंट्याला हात घातला आणि मूठभर गव्हाची वैरण टाकली. दोन-तीन फेरे नुसतेच. मग तोंडातून ओवी आली. ती आठवत होती असं मला दिसलं नाही, हातच गात होता म्हणा. पहिली ओळ खुंटा पुढे जाताना, दुसरी मागे येताना, आणि मधला श्वास नेमका वैरण टाकायच्या वेळी. एकीमागून एक. भावाची, माहेरच्या वाटेची, विठ्ठलाची, सासूची. सासूच्या ओवीला स्वयंपाकघरातून हसायचे आवाज आले.

मग तिची धाकटी जाऊ, आम्ही तिला काकीच म्हणतो, पदर खोचत समोर येऊन बसली आणि दुसऱ्या बाजूने खुंटा धरला. दोन ओव्या सुरळीत गेल्या. तिसरीला आत्या म्हणाली 'पंढरी', काकी म्हणाली 'जेजुरी'. जातं थांबलं.

"पंढरीच आहे ते."

"मग खंडोबाचं नाव कशाला येईल गं पुढं?"

दोघी ऐकेनात. पुन्हा फिरवायला लागल्या, आणि त्या जागी आली की एक पंढरी म्हणे, एक जेजुरी. एकाच वेळी, एकाच चालीत.

निघताना मी आत्याला म्हटलं, गिरण्या आल्या आणि हे सगळं गेलं गं. मला वाटलं ती हळहळेल. ती म्हणाली, "आमच्या गावात गिरणी आली तेव्हा मी नारळ फोडला होता. पहाटे चारला उठून नऊ माणसांचं दळायचं. तू दळ एक आठवडा, मग गा."

रविवार

रात्रभर ते डोक्यात. आज मनोरे पाडले, सातही.

नव्या सयपीठात पोथ्यांचं दालन एकच आहे आणि ते जरा गळतं. बाकी कामाच्या खोल्या. एकीत जाती, एकीत मोट ओढायचे बैल आणि विहीर, एकीत होडीची वल्ही. ज्याला गाणं हवं त्याने आधी काम करायचं, घाम आला की गाणं येतं. तिथला कुलगुरू कोण असावा यावर दुपार गेली. मग सुचलं: टाकी लावणारा. जात्याचा दगड झिजून गुळगुळीत झाला की छिन्नीने त्याला पुन्हा खडबडीत करून देणारा माणूस. पूर्वी दारावर हाक यायची. दगड गुळगुळीत झाला तर पीठ पडत नाही, आणि मग ओवीही कशाला येईल?

पंढरी-जेजुरीचं काय करायचं, तिथे मात्र अडले. खरी कुठली ते ठरवायला सयपीठात पंडितांची सभा बसवली होती, पण लिहिताना ती माणसं मला आवडेनात.

मग लीळाचरित्र आठवलं. अमरावती जिल्ह्यातलं ऋद्धपूर, १२७८ च्या सुमारास. महानुभाव पंथाचे चक्रधरस्वामी निघून गेल्यावर त्यांच्या पंथातल्या म्हाइंभटांनी त्यांना पाहिलेल्या, ऐकलेल्या माणसांकडे गावोगाव जाऊन आठवणी गोळा केल्या आणि लिहून काढल्या. पुढे यादवांचं राज्य बुडायच्या धामधुमीत ती मूळ प्रत हरवली. पुन्हा उभं करायचं तर लोकांच्या डोक्यात होतं तेवढंच हाताशी. पंथातल्याच हिराइसा नावाच्या बाईला पुष्कळसं पाठ होतं असं सांगतात. साहजिकच सगळ्यांच्या आठवणी जुळल्या नाहीत. मला भावतं ते इथे: न जुळलेलं त्यांनी खोडलं नाही. एकीची आठवण अशी, दुसऱ्याची तशी, हे वेगवेगळे पाठ म्हणून नोंदवून ठेवलं. म्हणजे मराठीतला पहिला गद्यग्रंथ म्हणून ज्याचं नाव घेतात, त्याच्या पोटातच हा पंढरी-जेजुरीचा वाद आहे. आता ऋद्धपूरला मराठी भाषा विद्यापीठ सुरू झालंय, खरंखुरं, एका चंद्राखालचं. जाऊन यायला हवं.

पंडितांची सभा रद्द. सयपीठात प्रत्येक गाण्याला दोन आसनं, समोरासमोर. एकच माणूस ते गाणं जाणत असेल तर ते अर्धंच आलं असं धरतात.

पण आत्याचा नारळ कथेत बसत नाहीये. गिरणीवाल्याला खलनायक करता येत नाही, त्याने तर बायांची कंबर वाचवली. सयपीठात राबणाऱ्या पोरींना पहाटे चारला कोण उठवतं, आणि त्या का उठतात? माझ्या राज्यात दोन चंद्र आहेत म्हणून काही दळण हलकं होत नाही. संपादकांचा निरोप आलाय, पंधरा तारीख. तीन हजार शब्दांपैकी अकराशे झालेत आणि त्यातले चारशे पाडलेल्या मनोऱ्यांचे.

मंगळवार, सकाळी साडेसहा

फोन वाजला तेव्हा काळजात धस्स झालं, इतक्या लवकर कोण. आत्या.

"झोपली होतीस का? ऐक. जेजुरीच आहे ते. पहाटे आठवलं, माझ्या आईनं तसंच म्हटलेलं."

"मग पंढरी कुठनं आलं?"

"माझं मीच घातलं असेल. मला पंढरी आवडते." थोडा वेळ गप्प. "पण लग्न होईपर्यंत काकीला सांगू नकोस हं."