संक्रांतीच्या मेळाव्यातले मेज गुरुजी

अटलांटातल्या आमच्या मराठी मंडळाचा संक्रांतीचा मेळावा मला दिवाळीपेक्षाही प्रिय. जानेवारीचा तिसरा सोमवार मार्टिन ल्युथर किंग यांचा, म्हणून जोडून सुट्टी. भाड्याने घेतलेल्या शाळेच्या कॅफेटेरियात काळ्या साड्या, हलव्याचे दागिने, आणि बोरं मिळत नाहीत म्हणून ब्लूबेरी घालून बोरन्हाण. हळदीकुंकू आटोपलं की वर्ध्याचे काका माइक हातात घेत. मग गुळपोळीची रांग लांबलीच म्हणून समजा.

"किंग सगळ्यांना माहीत. त्यांचे गुरुजी आमच्या वर्ध्याला येऊन गेले, ते कोण?" मागून पोरं ओरडत, "बेंजामिन मेज!"

मेज दक्षिण कॅरोलायनातले. आईवडील दोघेही गुलामगिरीत जन्मलेले, आठ भावंडांत हे शेंडेफळ. लहानपणी गोऱ्यांच्या टोळक्याने वडिलांना टोपी काढून वाकायला लावलं, ते त्यांनी डोळ्यांनी पाहिलं. हे सांगताना काकांचा आवाज बसायचा. पुढे मेज बॅप्टिस्ट पाद्री झाले, अटलांटातल्याच शायलो चर्चमध्ये. शिकागो विद्यापीठाची डॉक्टरेट १९३५ची.

१९३६-३७च्या हिवाळ्यात ते भारतात आले आणि गांधीजींना भेटले. अहिंसेबद्दल विचारलंच, पण तुम्ही अस्पृश्यतेविरुद्ध लढता, मग जातिव्यवस्थेवरच घाव का घालत नाही, हेही विचारलं. इथे काका हमखास थांबत. त्याच १९३६ साली बाबासाहेबांनी हाच प्रश्न किती धारदार करून मांडला होता, हे आमच्यातल्या कुणाला वेगळं सांगायची गरज नव्हती. तरी काका सांगतच.

१९४०मध्ये मेज अटलांटातल्याच कृष्णवर्णीयांच्या मोरहाऊस कॉलेजचे अध्यक्ष झाले आणि १९६७पर्यंत राहिले. महायुद्धामुळे विद्यार्थी कमी पडले, म्हणून कॉलेजने हायस्कूल पुरं न केलेली हुशार मुलंही घेतली. पंधरा वर्षांचे किंग १९४४ला आले ते असे. दर मंगळवारी सकाळी मेज चॅपलमध्ये बोलत, आणि किंग ऐकून झाल्यावरही वाद घालायला त्यांच्यामागे जात. १९६८च्या एप्रिलमध्ये त्याच आवारात मेजना किंग यांच्यावर श्रद्धांजलीचं भाषण करावं लागलं. आपल्या मुलावर बोलायला सांगावं तसं हे आहे, असं ते म्हणाले.

एका वर्षी मेळाव्याच्या आदल्या दिवशी मंडळाची सगळी फौज मोरहाऊसला गेली. मेज आणि त्यांच्या पत्नी सेडी यांची समाधी तिथेच आहे. थंडीने पोरांचे दात वाजत होते आणि काकांचं भाषण काही संपेना.

पोरांना मात्र सगळ्यात आवडायची ती एकच गोष्ट. फीची थकबाकी मेज इतकी कडक वसूल करत, की विद्यार्थ्यांनी त्यांना 'बक बेनी' नाव ठेवलं होतं (बक म्हणजे बोलीभाषेत डॉलर). आमच्या खजिनदारांना ते लगेच चिकटलं. वर्गणीची पावती दाखवल्याशिवाय ते अजूनही कुणाला गुळपोळीला हात लावू देत नाहीत, काकांनाही नाही.